‘आपण’ म्हणायला समोर कुणीतरी हवं

ओजिब्वे भाषा शिकायला बसलेल्या इंग्रजीभाषक विद्यार्थ्याला एक गोष्ट महिनोन्‌महिने घोटावी लागते. त्याच्या भाषेत ‘वी’ एकच, इथे मात्र दोन. ज्याच्याशी बोलतोय त्याला धरून ‘गीनविंद’, त्याला वगळून ‘नीनविंद’. बहीणभाऊ आपसात बोलताना वडिलांना ‘गूसिनान’ म्हणतील; दारात आलेल्या परक्याला सांगताना तेच वडील ‘नूसिनान’ होतील. मराठी वाचकाला हे समजावून सांगावं लागत नाही. ‘आपण जाऊ या’ आणि ‘आम्ही जातो’ यांतला फरक आपल्याकडे तीन-चार वर्षांचं पोरही चुकवत नाही, आणि नको त्या जागी ‘आम्ही’ ऐकलं की मोठ्या माणसांनाही ते लागतं.

उत्तर अमेरिकेतल्या महासरोवरांच्या काठची ही भाषा पुन्हा घराघरांत आणण्यासाठी गेली पन्नासेक वर्षं जे चाललं आहे, त्याचा धांडोळा घेताना ही दोन सर्वनामं माझ्या मनातून हलली नाहीत. गीनविंद म्हणायचं तर समोर ऐकणारा लागतो. कोश आहेत, ध्वनिफिती आहेत, फोनवर शिकवण्या आहेत. अडचण समोरच्या माणसाची आहे. आजी-आजोबा भाषा जाणतात, नातवंडं शाळेत शिकू लागली आहेत. त्यांच्या मधली आई-बापांची पिढी या भाषेतून गळाली. पुनरुज्जीवनाचं सगळं यशापयश त्या मधल्या पिढीपाशी येऊन ठेपतं, असं माझं मत झालं आहे.

आधी भाषेची ओळख. बोलणारे स्वतःला अनिशिनाबे म्हणतात आणि भाषेला अनिशिनाबेमोविन किंवा ओजिब्वेमोविन. बाहेरच्यांनी तिला चिपेवा, सोल्तो अशी नावं दिली. ओडावा आणि अल्गॉनक्विन हे लोकही याच भाषेच्या बोली बोलतात, आणि उत्तर ऑन्टारिओत क्री भाषेच्या शेजारामुळे ओजी-क्री नावाचं रूप तयार झालं आहे. अमेरिकेत मिशिगन, विस्कॉन्सिन, मिनेसोटा, नॉर्थ डकोटा आणि माँटॅनापर्यंत, कॅनडात क्वेबेकपासून सस्कॅचेवानपर्यंत हा पट्टा पसरलेला आहे. कॅनडात ओजी-क्री धरून वीस हजारांच्या वर लोक हिला मातृभाषा म्हणून नोंदवतात, आणि पिकँजिकमसारख्या आडबाजूच्या उत्तरेकडच्या वस्त्यांत ती आजही घरात बोलली जाते. सीमेच्या अमेरिकी बाजूला चित्र फार वेगळं आहे. तिथे आईच्या मांडीवर ही भाषा शिकलेली माणसं बहुतेक वृद्ध आहेत. ‘भाषा धोक्यात आहे’ असं एकच वाक्य या सगळ्या प्रदेशाला लावणं म्हणूनच बरोबर नाही.

भाषा तुटली कशी? सगळा भार निवासी शाळांवर टाकला जातो आणि तो मोठ्या अंशी रास्त आहे. पेनसिल्व्हेनियात कार्लाइलची शाळा 1879 मध्ये निघाली. लहान मुलांना घरापासून दूर न्यायचं, केस कापायचे, नाव बदलायचं, स्वतःच्या भाषेत बोललं तर शिक्षा करायची, हा तिथला शिरस्ता पुढे देशभर पसरला. अमेरिकी सरकारच्या 2022 च्या अहवालात 1819 ते 1969 या काळातल्या अशा 408 शाळांची नोंद आहे. कॅनडात दीड लाखाहून अधिक मुलं या शाळांतून गेली. शेवटच्या शाळा 1990 नंतरच्या दशकात बंद झाल्या. ओजिब्वे लेखक बेसिल जॉन्स्टन 1929 मध्ये जन्मले. त्यांना लहानपणी ऑन्टारिओतल्या स्पॅनिश या गावच्या जेझुइट शाळेत नेण्यात आलं. त्या दिवसांवरचं त्यांचं ‘इंडियन स्कूल डेज’ हे पुस्तक 1988 मध्ये आलं. आयुष्याची पुढची कित्येक वर्षं त्यांनी अनिशिनाबे कथा आणि भाषा गोळा करण्यात घालवली.

पण खरी तूट शाळेत पडली नाही, ती घरी परतल्यावर पडली. शिक्षा भोगलेली ही मुलं मोठी झाली, आई-बाप झाली, आणि आपल्या लेकरांवर तसा प्रसंग येऊ नये म्हणून त्यांच्याशी इंग्रजीत बोलू लागली. मोठ्यांनी आपसात ओजिब्वेत बोलावं आणि मूल खोलीत आलं की इंग्रजीवर यावं, असं घडत राहिलं. याला कुणी दुर्लक्ष म्हणेल. मला ती माया वाटते, आणि म्हणूनच हे नुकसान अधिक खोल आहे. त्या मुलांना भाषा कानावर पडून कळत असे, पण तोंडात आली नाही. आज साठीच्या आसपास असलेले असे कितीतरी जण आहेत. त्यांना सगळं समजतं, आणि बोलायला गेलं की जीभ अडखळते, लाज वाटते. शिकणाऱ्यांच्या वर्गात सर्वांत अवघडलेला विद्यार्थी हाच असतो, आणि त्याला बोलतं केलं तर सर्वांत झपाट्याने पुढे जाणाराही हाच.

जमिनीची गोष्ट त्या मानाने कमी सांगितली जाते. 1887 च्या कायद्याने आणि मिनेसोटापुरत्या 1889 च्या कायद्याने आदिवासींची सामाईक जमीन तुकडे पाडून वाटायचं ठरलं. व्हाइट अर्थ या राखीव प्रदेशात तसं झालं, आणि काही वर्षांतच बरीचशी जमीन गोऱ्या लोकांच्या आणि लाकूड कंपन्यांच्या घशात गेली. शेजारच्या रेड लेकच्या प्रमुखांनी वाटणीला नकार दिला. तिथली जमीन आजही सगळ्यांची मिळून एक आहे. मिनेसोटातले जुने भाषक शोधायला लोक रेड लेकच्या पोनेमा गावाकडे वळतात, यात मला योगायोग दिसत नाही. सलग वस्ती राहिली तिथे शेजारी राहिला, आणि शेजारी राहिला तिथे बोलणं राहिलं.

कागदावर ही भाषा कधीच गरीब नव्हती. स्लोव्हेनियातून आलेले धर्मगुरू फ्रेडरिक बारागा यांचं व्याकरण 1850 मध्ये आणि कोश 1853 मध्ये छापला गेला. त्याआधीच जेन जॉन्स्टन स्कूलक्राफ्ट (1800–1842) ही ओजिब्वे आईची मुलगी आपल्या भाषेत कविता लिहीत होती. तिच्या नवऱ्याने, हेन्री स्कूलक्राफ्टने जमवलेल्या कथांवर अमेरिकी कवी लाँगफेलोचं ‘हायवाथा’ हे काव्य 1855 मध्ये उभं राहिलं आणि जगभर गेलं. जेनचं नाव मागे पडलं ते जवळजवळ दीडशे वर्षं.

या कागदपत्रांत आपल्याला जवळचा एक धागा आहे. लेनर्ड ब्लूमफिल्ड हा अमेरिकी भाषावैज्ञानिक संस्कृत शिकलेला, पाणिनीच्या अष्टाध्यायीसमोर नतमस्तक झालेला. ओजिब्वेची बहीण शोभेल अशा मेनॉमिनी भाषेचं वर्णन करताना त्याने नियम एकामागून एक लागू करण्याची पाणिनीय रीत वापरली. 1938 च्या उन्हाळ्यात मिशिगनमध्ये अँड्र्यू मेडलर या भाषकाकडून त्याने ओजिब्वे वाक्यं आणि कथा उतरवून घेतल्या. ते पुस्तक त्याच्या मृत्यूनंतर, 1958 मध्ये निघालं. पाणिनीची शिस्त महासरोवरांच्या काठी पोचली, याचा मला मनापासून आनंद होतो.

तरी या साऱ्या ग्रंथसंपदेत मी सर्वांत वर ठेवीन ते मॉड केग यांचं काम. मिनेसोटातल्या मील लॅक्सच्या या बाईंनी (1904–1996) भाषातज्ज्ञ जॉन निकल्स यांना आपल्या बालपणाच्या आठवणी ओजिब्वेत सांगितल्या. त्या ओजिब्वे आणि इंग्रजी अशा दोन्ही भाषांत समोरासमोर छापल्या गेल्या. रानातला तांदूळ गोळा करणं, मेपलचा रस आटवणं, आजीचं रागावणं, सगळं रोजच्या बोलण्याच्या लयीत. कोशातून शब्द मिळतो. पोराला हाक कशी मारायची, ते मॉड केग यांच्याकडे मिळतं.

लिपीचा प्रश्नही इथे येतो, आणि त्यातही आपली देवनागरी डोकावते. जेम्स इव्हान्स या मेथडिस्ट मिशनऱ्याने 1840 मध्ये नॉर्वे हाउसला एक अक्षरलिपी तयार केली. व्यंजनाला एक आकार द्यायचा आणि स्वर बदलला की तोच आकार वळवायचा, अशी तिची रचना. पिटमनच्या लघुलिपीबरोबरच देवनागरीचाही तिच्यावर ठसा असावा, असं अभ्यासक मानतात. उत्तर ऑन्टारिओत ती आजही चालते. दक्षिणेकडे चार्ल्स फिएरो यांनी विसाव्या शतकाच्या मध्यावर बसवलेली रोमन पद्धत रूढ झाली. तिच्यात दीर्घ स्वर दोनदा लिहितात. बोलीबोलींतला फरक मात्र लिपीने मिटत नाही. पूर्वेकडचे, मॅनिटूलिन बेटाच्या आसपासचे लोक बोलताना ऱ्हस्व स्वर गाळतात; पश्चिमेकडचं ‘मकिझिन’, म्हणजे पायताण, तिथे ‘म्किझिन’ होतं. मग शाळेचं पुस्तक कोणत्या बोलीत छापायचं? एक प्रमाण रूप ठरवलं तर खर्च वाचतो, मुलांना वाचायला जास्त मिळतं. पण मुलाने घरी जाऊन शाळेतला शब्द म्हटला आणि आजी म्हणाली, ‘आपण असं म्हणत नाही,’ तर जिच्यासाठी हा खटाटोप तीच दुरावते. बहुतेक ठिकाणी गावाची बोली राखायचा कौल मिळाला आहे, आणि महाग असूनही तोच बरोबर आहे असं मला वाटतं.

मोठेपणी ही भाषा शिकणं सोपं नाही. ओजिब्वेचा सगळा संसार क्रियापदांवर चालतो. रंगसुद्धा क्रियापदं आहेत. नामांचे दोन वर्ग, सजीव आणि निर्जीव. पण ही वाटणी शाळेतल्या विज्ञानाची नाही. माणूस, अस्वल, झाड सजीव. त्यांच्या जोडीला ‘असिन’ म्हणजे दगड, ‘असेमा’ म्हणजे तंबाखू आणि ‘अकिक’ म्हणजे भांडंही सजीव. रासबेरी सजीव, स्ट्रॉबेरी निर्जीव. दगड लाल असेल तर ‘मिस्कोझी’, होडी लाल असेल तर ‘मिस्क्वा’. पाहणं, उचलणं, आवडणं, प्रत्येक क्रिया समोरचं नाम कोणत्या वर्गातलं यावरून बदलते. आपण ‘तो दगड, ती काठी, ते झाड’ असं कारण न विचारता पाठ करतो, तसंच हे.

ज्याला मराठीची घडण कळते त्याला ओजिब्वेची आणखी एक सोय मोहात पाडेल. ‘रमेशने सुरेशला त्याच्या घरी पाहिलं’ यात घर कुणाचं, हे आपल्याला संदर्भावरून ताडावं लागतं. ओजिब्वेत दोन तिऱ्हाईत आले की त्यांतला एक जवळचा आणि दुसरा लांबचा ठरतो, आणि लांबच्याच्या नामाला निराळा प्रत्यय लागतो. ‘मक्वा’ म्हणजे अस्वल; माणसाच्या गोष्टीत दुय्यम झालेलं अस्वल ‘मक्वन’. आणि ‘मी तुझ्यावर प्रेम करतो’ या अर्थाच्या ‘गिझागिइन’ या एका शब्दात सुरुवातीचं ‘गि’ हे ‘तू’चं चिन्ह आहे. ‘मी’ आणि ‘तू’ एका क्रियापदात आले की आधी नेहमी ‘तू’. पोटावाटोमी ही ओजिब्वेच्या अगदी जवळची भाषा शिकताना वनस्पतिशास्त्रज्ञ रॉबिन वॉल किमरर यांना एका शब्दापाशी हताश व्हायला झालं होतं. खाडीसारखा आत शिरलेला जलभाग हे नाम असायला हवं, तर कोशात ‘खाडी असणं’ असं क्रियापद दिलेलं. आधी वैताग, मग पाणी क्षणभर त्या काठांमध्ये राहायला आलं आहे अशी उमज. ही गोष्ट त्यांनी 2013 च्या आपल्या पुस्तकात लिहिली आहे. इतकं सुंदर तत्त्वज्ञान वाचून लोक भारावतात. रोज संध्याकाळी दमूनभागून वर्गाला येणाऱ्या तिशीतल्या नर्सला मात्र आधी ती रूपं पाठ करावी लागतात.

चळवळीची सुरुवात शहरात झाली. 1950 नंतरच्या दशकांत सरकारी धोरणाने अनेक कुटुंबं राखीव प्रदेशांतून मिनीॲपोलिससारख्या शहरांत आली. तिथे 1968 मध्ये अमेरिकन इंडियन मूव्हमेंट उभी राहिली. तिच्या संस्थापकांत डेनिस बँक्स, क्लाइड बेलकोर्ट हे ओजिब्वे होते. 1969 मध्ये मिनेसोटा विद्यापीठाने देशातला पहिला अमेरिकन इंडियन अभ्यास विभाग काढला, आणि ओजिब्वे विद्यापीठात शिकवली जाऊ लागली. 1972 मध्ये मिनीॲपोलिस आणि सेंट पॉलमध्ये आदिवासी पालकांनी स्वतःच्या शाळा काढल्या. या साऱ्यातून स्वाभिमान आला, भाषक मात्र फारसे आले नाहीत. आठवड्यातून दोन-तीन तास मिळाले की मूल आकडे, रंग, प्राण्यांची नावं शिकतं, ‘बूझू’ (नमस्कार) आणि ‘मीग्वेच’ (धन्यवाद) म्हणतं, आणि पुढच्या वर्षी पुन्हा तेच आकडे. वीस-पंचवीस वर्षं अशी गेली. त्यातल्या शिक्षकांच्या निष्ठेबद्दल शंका नाही; पद्धतच अपुरी होती.

न्यूझीलंडमधल्या माओरींच्या आणि हवाईच्या लोकांच्या भाषा-बालवाड्या 1980 नंतर निघाल्या आणि त्यांनी वेगळा मार्ग दाखवला: दिवसभर, सगळे विषय, फक्त आपल्या भाषेत. ओजिब्वेंमध्ये त्या वाटेवरचं सर्वांत ठळक नाव वादूकोदाडिंग. 2000 च्या आसपास विस्कॉन्सिनमधल्या लाक कूर्त ओरेय इथे काही पालक-शिक्षकांनी ही शाळा उभी केली. नावाचा अर्थ, जिथे लोक एकमेकांना मदत करतात ती जागा. गणित, विज्ञान, वाचन, सारं ओजिब्वेत. पुस्तकं नव्हती, ती स्वतः लिहिली. गणिताच्या संज्ञा नव्हत्या, त्या वृद्धांना विचारून घडवल्या. इंग्रजी बोलणाऱ्या देशात राहून मुलांची इंग्रजी मागे पडेल ही पालकांची धास्ती होती. पण इंग्रजी दुकानात, टीव्हीवर, रस्त्यावर होतीच.

इथेच मधली पिढी पुन्हा आडवी येते. शाळेत शिकवायला अस्खलित भाषक हवा आणि शिक्षकाचा परवानाही हवा. ज्यांच्याकडे भाषा आहे ते आजोबा सत्तरी-ऐंशीचे, त्यांना पहिलीचा वर्ग दिवसभर झेपत नाही. ज्यांच्याकडे परवाना आहे ते तिशीतले, त्यांना भाषा नाही. इमारत, फळा, संगणक यांच्यासाठी अनुदान मिळतं. एखाद्या तरुणीला दोन-तीन वर्षं पोटापाण्याची चिंता न करता वृद्ध भाषकांजवळ बसू देण्यासाठी ते क्वचित मिळतं. माझ्या मते संपूर्ण प्रश्नाची किल्ली याच खर्चात आहे. फाँ द्यु लाक आदिवासी महाविद्यालयात प्रौढांसाठी इंग्रजी पूर्ण बंद ठेवून भरणारी निवासी शिबिरं, वृद्धाबरोबर स्वयंपाक आणि लाकूडफाटा करत शिकण्याचे उपक्रम, हे सगळं त्याच दिशेचं आहे. बेमिजी विद्यापीठातले अँटन ट्रुअर यांच्यासारखे अभ्यासक स्वतः मोठेपणी शिकले आणि आता वृद्धांच्या कथा ओजिब्वेत प्रकाशित करतात. लेखिका लुईस अर्ड्रिक यांनीही ही भाषा मोठेपणी, चुका करत शिकायला घेतली. नावाजलेल्या माणसाने उघडपणे अडखळणं इतरांना धीर देतं.

कायद्याचं थोडक्यात सांगतो. अमेरिकेने 1990 मध्ये मूळ भाषांच्या जतनाला मान्यता देणारा कायदा केला, 2006 च्या कायद्याने दिवसभर मूळ भाषेतूनच शिकवणाऱ्या शाळांना पैसा मिळू लागला, कॅनडाने 2019 मध्ये स्वतःचा कायदा केला. शंभर वर्षं भाषा मोडायला जो पैसा ओतला, त्यापुढे हा निधी तुटपुंजाच आहे.

तंत्रज्ञानाने काय साधलं? मिनेसोटा विद्यापीठाचा ‘ओजिब्वे पीपल्स डिक्शनरी’ हा कोश 2012 मध्ये सर्वांसाठी खुला झाला. त्यात शब्दावर बोट ठेवलं की प्रत्यक्ष वृद्धाचा आवाज ऐकू येतो. शिकागोच्या बसमध्ये बसलेल्या एखाद्या नातीला तिच्या आजीच्या बोलीतला स्वर मिळू शकतो, ही लहान गोष्ट नाही. मील लॅक्सच्या लोकांनी रोझेटा स्टोनबरोबर स्वतःचा अभ्यासक्रम तयार केला. आणि ऑगस्ट 2024 मध्ये विनिपेगमध्ये ‘स्टार वॉर्स’चा पहिला चित्रपट ओजिब्वेत दाखवला गेला. भाषांतर करणाऱ्यांत पॅट्रिशिया निंगवान्स होत्या, आयुष्यभर ही भाषा शिकवलेल्या; आणि ल्यूक स्कायवॉकरचा आवाज होता त्यांच्याच नातवाचा, अँडेग मुल्ड्रू याचा, जो आजीकडून शिकून विद्यापीठात शिकवू लागला. अंतराळातल्या लढाईपेक्षा ही आजी-नातवाची जोडी मला मोठी वाटते. तरी कोश किंवा चित्रपट कुणाशी गीनविंद म्हणू शकत नाही.

पूर्ण ओजिब्वेत शिकवणाऱ्या शाळांतून निघणारी मुलं जी ओजिब्वे बोलतात ती पणजीची नाही, अशी तक्रार होते. काही वळणं इंग्रजीची असतात, आडवळणाची क्रियापदं कमी असतात, संगणक आणि गणिताचे नवे शब्द असतात. तक्रार खोटी नाही. पण कॉफीला ‘काळं औषधी पाणी’ असं म्हणणारी जुनी पिढीही एके काळी नवा शब्दच घडवत होती. मुलांच्या तोंडची भाषा वृद्धांच्या कानांवरून सतत जात राहिली तर ती सुधारते. ती भेटच होत नसेल तर कोणतंही व्याकरण तिला सांभाळणार नाही.

म्हणून वादूकोदाडिंगसारख्या शाळांतलं मार्च-एप्रिलचं काम मला सर्वांत महत्त्वाचं वाटतं. तेव्हा मेपलची झाडं पाझरतात, आणि एप्रिलच्या सुमारास येणाऱ्या महिन्याचं ओजिब्वे नावच रस आटवण्यावरून पडलं आहे. मुलं रानात जातात, झाडाला भोक पाडतात, बादल्या मोजतात. चाळीस माप रस आटवला की जेमतेम एक माप पाक निघतो. भागाकाराचा धडा तिथेच होतो, ओजिब्वेत. भांडं सजीव, म्हणून त्याच्याबद्दल बोलताना क्रियापद सजीवाचं. आणि रस एकदा उकळू लागला की शाळा सुटायची वेळ पाहत नाही. जाळ धरून ठेवायला आई-बाप येतात, शेजारी येतात, एखादे आजोबा खुर्ची टाकून बसतात. लाकूड कुणी आणायचं, फेस कुणी काढायचा, पाक लागला का, हे तिथे त्यांना एकमेकांना विचारावंच लागतं.